स्टिअरिंगवरील बटणें आणि चालकाचें अवधान

देवळीहून मोटारीनें निघणाऱ्या कुटुंबापुढें आज दोन अगदीं भिन्न स्वभावांचे रस्ते असतात. एक, देवळीच्या शिवारांतून वर्धा आणि यवतमाळ यांना जोडीत जाणारा राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ३६१. आणि दुसरा, वर्ध्यावरून येळाकेळीच्या बाजूस गेलें असतां लागणारा नागपूर-मुंबई समृद्धी महामार्ग. पहिल्या रस्त्यावर कापसाच्या दिवसांत भरलेल्या बंड्या असतात, शेताकडे वळणारे ट्रॅक्टर असतात, गुरें असतात, आणि तिन्हीसांजेस पऱ्हाटींतून एकाएकीं बाहेर पडणारा रोहीहि असतो. दुसऱ्या रस्त्यास कुंपण आहे. त्यावर बंडीस, दुचाकीस किंवा पादचाऱ्यास प्रवेश नाहीं, आणि चौक तर मुळींच नाहींत. रस्ते असे दोन. परंतु घरांतील मोटार एकच, आणि तिच्या स्टिअरिंगवरील बटणेंहि तींच.

या बटणांचा परिचय करून घेणें आतां केवळ हौसेची बाब राहिली नाहीं. वेग आपोआप राखणारा क्रूझ कंट्रोल पूर्वी महागड्या परदेशी मोटारींपुरता होता. आतां तो मध्यम किंमतीच्या गाड्यांतहि आढळतो. २०२१ सालीं बाजारांत आलेल्या महिंद्राच्या एक्सयूव्ही ७०० या मोटारींत रडार आणि कॅमेरा यांच्या मदतीनें चालणारी चालक-साहाय्य योजना देण्यांत आली, आणि त्यानंतर इतर कारखान्यांच्या गाड्यांतूनहि ती दिसूं लागली. अंगठ्याच्या टप्प्यांत असलेलीं हीं पांचसहा बटणें चालकाच्या कामाचा कांहीं भाग आपल्याकडे घेतात. कोणता भाग घेतात आणि कोणता घेत नाहींत, हें ज्यास नीट ठाऊक नाहीं त्याच्या हातीं तीं सोय न ठरतां संकट ठरण्याचा संभव असतो.

वेग एकसारखा ठेवण्याची कल्पना मोटारीहून पुष्कळ जुनी आहे. जेम्स वॅटनें १७८८ सालीं वाफेच्या इंजिनास फिरत्या गोळ्यांचा वेगनियामक जोडला. इंजिन अधिक वेगानें फिरूं लागलें कीं त्याचे दोन गोळे बाहेरच्या अंगास फांकत आणि वाफेची वाट आंखडून धरीत. इंजिन मंदावलें कीं ते खालीं येत आणि वाट मोकळी करीत. वाढलें तर आंवरावें, घटलें तर पुढें ढकलावें, हें त्या यंत्राचें सारें शहाणपण. आजच्या क्रूझ कंट्रोलचें तत्त्वहि हेंच आहे. गोळ्यांच्या जागीं चाकांचा वेग मोजणारी विद्युत् योजना आली आणि वाफेच्या झडपेऐवजीं इंधनाचें नियमन आलें, इतकाच फरक.

मोटारीस हें तत्त्व लावणारा राल्फ टीटर हा अमेरिकेंतील इंडियाना राज्यांतला अभियंता, वयाच्या पांचव्या वर्षीं अपघातानें दृष्टीस मुकला होता. त्याचा वकील मोटार चालवितांना स्वतः बोलूं लागला कीं गाडी मंदावे आणि दुसऱ्याचें ऐकूं लागला कीं वेग घेई. शेजारीं बसलेल्या टीटरला हे धक्के असह्य होऊन त्यानें या यंत्राचा ध्यास घेतला, असें सांगतात. १९५० सालीं त्यास त्याचें पेटंट मिळालें आणि १९५८ सालीं क्रायस्लर कंपनीच्या मोटारींत तें प्रथम बसविण्यांत आलें. या कथेंत एक मर्म आहे. टीटरनें वेग सांभाळणारें यंत्र केलें. रस्ता पाहणारें यंत्र केलें नाहीं. साध्या क्रूझ कंट्रोलला आजहि रस्ता दिसत नाहीं. पुढें वळण आहे, बैल आहे, कीं पुलाचें काम चाललें आहे, याची त्यास वार्ता नसते. त्यास एकच आंकडा कळतो, आणि तो आंकडा त्यास चालकानें दिलेला असतो.

आतां बटणांकडे वळूं या. बहुतेक मोटारींत पहिलें बटण मुख्य असतें. त्यावर वेगदर्शक घड्याळाचें चित्र आणि त्यास टेकलेला बाण असतो. हें दाबलें म्हणजे यंत्र जागें होतें, परंतु कामास लागत नाहीं. समोरच्या तबकडीवर पांढरें किंवा राखाडी चिन्ह उमटतें, त्याचा अर्थ एवढाच कीं यंत्र आज्ञेची वाट पाहत आहे. हव्या त्या वेगास गाडी आणून ‘सेट’ हें बटण दाबलें कीं चिन्ह बहुधा हिरवें होतें आणि त्या क्षणाचा वेग यंत्र धरून ठेवतें. मग अधिक आणि उणें या खुणांनीं तो वेग थोडथोडा वाढवितां किंवा उतरवितां येतो. ‘कॅन्सल’ दाबलें, किंवा ब्रेकवर पाय ठेवला, कीं यंत्र आपला हात काढून घेतें. अ‍ॅक्सिलरेटर दाबल्यानें मात्र तें बंद होत नाहीं. गाडी तात्पुरती वेग घेते आणि पाय उचलतांच पुन्हां ठरलेल्या वेगावर येते.

या साऱ्यांत सर्वांत अधिक गैरसमज ज्याविषयीं होतो तें बटण म्हणजे ‘रिझ्यूम’, अर्थात् पूर्ववत् करणारें. ब्रेक दाबल्यानें यंत्राचें काम थांबतें. त्याची स्मृति पुसली जात नाहीं. समृद्धी महामार्गावर कोणी १२० चा वेग धरून आला, येळाकेळीस उतरतांना त्यानें ब्रेक लावला, टोल दिला, वर्ध्याच्या रस्त्यास लागला आणि पायास थोडा विसांवा मिळावा म्हणून ‘रिझ्यूम’ दाबलें, तर यंत्राच्या मनांत अजून १२० च असतात. इंजिन एकाएकीं गरजतें आणि गाडी ज्या रस्त्यावर साठांनीं जावें तेथें एकशेंवीसकडे धांवूं लागते. यंत्रानें आज्ञा मोडलेली नसते. जुनी आज्ञा पाळलेली असते. म्हणून रस्ता बदलला कीं मुख्य बटण बंद करावें, आणि पुन्हां आरंभ करणें तर ‘सेट’नेंच करावा. मुख्य बटण बंद केल्यावर, तसेंच इंजिन बंद केल्यावर, ही स्मृति सामान्यतः नाहींशी होते.

या आंकड्यांमागें काय असतें तें गणितानें पाहिलें म्हणजे विषयाचें गांभीर्य ध्यानीं येतें. ताशीं १२० किलोमीटर वेगानें जाणारी मोटार एका सेकंदांत ३३ मीटरांहून अधिक अंतर तोडते. धोका दिसून पाय ब्रेकवर जाईपर्यंत एक सेकंद सहज जातो. पुढें कोरड्या रस्त्यावर ब्रेक चांगले असले तरी गाडी थांबावयास सुमारें ८० मीटर लागतात. ताशीं ८० च्या वेगानें हेंच अंतर सुमारें ३५ मीटर भरतें. वेग दीडपट झाला कीं थांबण्याचें अंतर सव्वादोन पट होतें, हा निसर्गाचा नियम असून कोणतेंहि बटण तो बदलूं शकत नाहीं. उलट पक्षीं, वीस किलोमीटरांचा प्रवास ताशीं ८० ऐवजीं १०० च्या वेगानें केल्यास वांचतात तीं अवघीं तीन मिनिटें.

यानंतरची पायरी म्हणजे पुढील वाहन पाहून वेग बदलणारा क्रूझ कंट्रोल. त्याच्या बटणावर मोटारीचें चित्र आणि तिच्या मागें दोनतीन आडव्या रेघा असतात. अशा मोटारीच्या पुढच्या जाळीमागें किंवा बंपरमध्यें रडार बसविलेलें असतें. त्याच्या लहरी सुमारें चार मिलिमीटर लांबीच्या असून त्या पुढील वाहनावर आदळून परत येतात. त्यांस लागलेल्या वेळावरून अंतर आणि त्यांच्या कंपनसंख्येंत पडलेल्या फरकावरून दोन वाहनांमधील वेगाची तफावत समजते. पुढील मालमोटार ८० नें चालली असेल तर मागची गाडीहि ८० वर येते आणि वाट मोकळी होतांच ठरलेल्या वेगास जाते. चालकानें ठरविलेला आंकडा येथें वेगाची वरची मर्यादा होतो.

त्या आडव्या रेघा अंतर दाखवितात. परंतु तें मीटरांत ठरलेलें अंतर नसून वेळेचें असतें. दोन सेकंदांचें अंतर ताशीं १०० च्या वेगानें सुमारें ५६ मीटर होतें, तर ताशीं ५० ला त्याच्या निम्मेंच. अनेक चालक ‘मध्यें कोणी घुसेल’ या भयानें एकच रेघ ठेवतात. कोणी घुसलाच तर यंत्र पुन्हां मागें सरून अंतर राखतें; त्यांत कांहीं क्षणांचा विलंब होतो, एवढेंच. लांब अंतर ठेवण्यानें मिळतें तें मात्र अमोल असतें. यंत्राकडून चूक झाली तर ती चालकाच्या ध्यानीं येण्यास आणि सुधारण्यास त्यास वेळ मिळतो.

आणि यंत्राकडून चूक होणारच नाहीं असें नाहीं. रडारला चालतें वाहन चांगलें ओळखतां येतें. स्थिर वस्तूच्या बाबतींत मात्र त्याची पंचाईत होते. रस्त्याच्या दुतर्फा खांब, पाट्या, कठडे आणि पूल असतातच, आणि त्या साऱ्यांवरून लहरी परत येतात. प्रत्येक स्थिर वस्तूस भिऊन गाडी ब्रेक लावूं लागली तर प्रवासच अशक्य होईल. म्हणून मोठ्या वेगांत अशा कित्येक परावर्तनांकडे यंत्र बुद्ध्याच दुर्लक्ष करतें. कॅमेऱ्याची जोड मिळाल्यानें ही उणीव पुष्कळ भरून निघते, परंतु नाहींशी होत नाहीं. बंद पडून उभा राहिलेला ट्रक, मागें दिवा नसलेली ट्रॉली, वाटेंत बसलेलें जनावर, हीं यंत्राला वेळेवर ओळखतां येतीलच असा भरंवसा नसतो. कापसानें भरलेली लांकडी बंडी तर मागून पाहतां वाहनासारखी दिसतहि नाहीं. ती चाललेली असली तरी माणसाच्या चालीनें, म्हणजे मोटारीच्या हिशेबीं जवळजवळ उभीच. देवळीकडील रस्त्याचा नेहमींचा सोबती तोच यंत्राचा सर्वांत अनोळखी पाहुणा होय.

दुसरे दोन प्रसंगहि जाणून ठेवण्यासारखे आहेत. मागची मोटार ज्या ट्रकच्या मागें निर्धास्त चालली आहे त्यानें एकाएकीं बाजू घेतली, आणि त्याच्या पुढें उभें वाहन निघालें, तर यंत्रास तें फार उशीरां दिसतें. तसेंच महामार्गावरून उतरण्याच्या वळणावर पुढील वाहन रडारच्या अरुंद दृष्टीबाहेर गेलें कीं यंत्राची समजूत होते, वाट मोकळी झाली. आणि जेथें वेग उतरवावयाचा तेथेंच गाडी वेग घेऊं लागते. म्हणून उतरण्याची पाटी दिसतांच ‘कॅन्सल’ दाबणें हा चालकाच्या बोटांचा स्वभाव झाला पाहिजे.

तिसरें साहाय्य मार्गिकेचें. या बटणावर दोन रेघांमध्यें मोटार किंवा स्टिअरिंगचें चित्र असतें. कांचेमागील कॅमेरा रस्त्यावरील पांढरे पट्टे पाहतो, आणि गाडी इशारा न देतां पट्ट्याकडे सरकूं लागली तर सूचना देतो किंवा स्टिअरिंगला हलकी ओढ देतो. समृद्धी महामार्गावर पट्टे ठळक असल्यानें हें साहाय्य तेथें उपयोगी पडतें. जेथें पट्टे पुसट आहेत, चिखलानें झांकले आहेत, किंवा रस्त्याचें काम चालू असून जुने व नवे पट्टे एकमेकांत मिसळले आहेत, तेथें चिन्ह मावळतें, अथवा ओढ चुकीच्या दिशेस लागते. बंडी चुकविण्यासाठीं चालक बाजू घेऊं पाहतो आणि स्टिअरिंग त्यास किंचित् विरोध करतें, असा अनुभव येतो तो यामुळेंच. बाजूदर्शक दिवा लावला कीं हा विरोध बहुधा थांबतो. आणि तो न लावतांहि माणसाच्या हाताचें बळ त्या ओढीहून नेहमींच अधिक असतें. हात मात्र स्टिअरिंगवर असावे लागतात.

मग देवळीकडील रस्त्यावर यांतील कोणतेंच बटण उपयोगाचें नाहीं काय? एक आहे, आणि त्याकडे फार थोड्यांचें लक्ष जातें. कांहीं मोटारींत ‘लिम’ अशा अक्षरांचें बटण असतें, तें वेगमर्यादकाचें. हें यंत्र गाडी चालवीत नाहीं; चालकानें ठरविलेल्या आंकड्यापलीकडे तिला जाऊं देत नाहीं, एवढेंच. पाय उचलला कीं गाडी मंदावते, म्हणजे चालकाचा पाय आणि त्याचें अवधान दोन्हीं कामावर राहतात. आणि निकड पडल्यास अ‍ॅक्सिलरेटर पूर्ण दाबून मर्यादा ओलांडतांहि येते. वर्दळीच्या रस्त्यास वेग धरून ठेवणाऱ्या यंत्रापेक्षां वेगास वेसण घालणारें हें यंत्र अधिक योग्य. केंद्र सरकारनें २०१८ सालीं मोटारींसाठीं घालून दिलेल्या कमाल मर्यादा द्रुतगति मार्गावर १२०, दुभाजक असलेल्या चौपदरी रस्त्यावर १०० आणि नगरपालिकेच्या हद्दींत ७० अशा आहेत. जागोजागच्या पाट्यांवर याहून कमी मर्यादा असेल तेथें ती पाळावयाची. १ जुलै २०१९ पासून नव्या मोटारींत ८० च्या पुढें अधूनमधून आणि १२० च्या पुढें सतत वाजणारी सूचनाहि सक्तीची झाली. ती कानास त्रासदायक वाटते, आणि तोच तिचा हेतु आहे.

आतां समृद्धी महामार्गाकडे पाहूं. ७०१ किलोमीटरांच्या या मार्गाचा नागपूर ते शिर्डी हा ५२० किलोमीटरांचा पहिला टप्पा ११ डिसेंबर २०२२ रोजीं आणि इगतपुरी ते आमणे हा शेवटचा टप्पा ५ जून २०२५ रोजीं खुला झाला. क्रूझ कंट्रोलसाठीं याहून अनुकूल रस्ता महाराष्ट्रांत क्वचितच सांपडेल. आणि नेमका येथेंच दुसऱ्या जातीचा धोका दडून बसलेला असतो. नॉर्मन मॅकवर्थ या ब्रिटिश मानसशास्त्रज्ञानें १९४८ सालीं एक प्रयोग प्रसिद्ध केला. युद्धकाळांत रडारच्या पडद्यावर नजर ठेवणाऱ्या सैनिकांकडून खुणा कां निसटतात, हें त्यास शोधावयाचें होतें. त्यानें माणसांना एका फिरत्या कांट्याकडे पाहत बसविलें. कांटा क्वचित् एकदम दुप्पट उडी घेई, ती टिपावयाची. अर्ध्या तासानंतर कसलेल्या माणसांकडूनहि उड्या निसटूं लागल्या. काम कठीण नव्हतें. कांहींच घडत नव्हतें, म्हणून तें कठीण झालें होतें.

क्रूझ कंट्रोल चालू असलेल्या मोटारींतील चालकाची अवस्था त्या कांट्यासमोर बसलेल्या माणसासारखी होते. पाय रिकामे, हात जवळजवळ रिकामे, रस्ता सरळ, आणि काम उरलें तें केवळ पाहत राहण्याचें; जें माणसास सर्वांत कमी साधतें. १ जुलै २०२३ च्या मध्यरात्रीनंतर बुलढाणा जिल्ह्यांत सिंदखेड राजाजवळ नागपूरहून पुण्यास निघालेल्या खासगी बसला याच महामार्गावर अपघात होऊन ती पेटली आणि २५ प्रवासी मृत्यु पावले. रस्ता कितीहि उत्तम असला तरी प्रवास निर्धोक होत नाहीं, हें त्या रात्रीनें सर्व महाराष्ट्रास दाखविलें. डोळ्यांवर झोप असतांना हीं बटणें वापरणें म्हणजे पहारेकरी निजला असतां दार उघडें ठेवणें होय. कांहीं मोटारी स्टिअरिंगवर हात आहेत कीं नाहींत हें तपासतात. परंतु हात असूनहि मन नसेल तर तें त्यांस कळेलच असें नाहीं. दर दीडदोन तासांनीं उतरून पाय मोकळे करणें यास अद्यापि पर्याय निघालेला नाहीं.

हवामानाचाहि विचार अवश्य आहे. श्रावणसरींत रस्त्यावर पाण्याचा पातळ थर सांचला कीं टायर डांबराचा आधार सोडून पाण्यावर तरंगूं लागतात. अशा वेळीं वेग राखण्याच्या आग्रहानें यंत्र चाकांस जोर देत राहिल्यास गाडी घसरण्याचा संभव वाढतो. हिंवाळ्यांतील पहांटेच्या धुक्यांत, किंवा मावळत्या सूर्याचें ऊन्ह समोरून येत असतां, कॅमेऱ्याची दृष्टि माणसाप्रमाणेंच दिपते. रडारवर चिखलाचा लेप बसला तर तेंहि निकामी होतें. यंत्र अशा वेळीं तबकडीवर सूचना देऊन आपलें काम सोडून देतें. ती सूचना वाचतां यावी एवढें तरी चिन्हांचें ज्ञान घरांतील प्रत्येक चालकास असलें पाहिजे.

विक्रीच्या जाहिरातींत अशा मोटारींस ‘दुसऱ्या पातळीच्या’ म्हणतात. ही पायरी अमेरिकेंतील अभियंत्यांच्या संस्थेनें २०१४ सालीं प्रथम आंखून दिलेल्या शून्य ते पांच या क्रमवारींतील आहे. शून्यावर सर्व काम माणसाचें आणि पांचव्यावर सर्व काम यंत्राचें. दुसऱ्या पातळीचा अर्थ असा कीं, वेग आणि दिशा या दोहोंस यंत्र एकाच वेळीं हातभार लावील, परंतु रस्त्यावरील देखरेख क्षणभरहि न सुटतां माणसाचीच राहील. ‘दुसरी’ हा शब्द ऐकून गाडी अर्धीअधिक स्वयंचलित झाली अशी समजूत होते. ती निराधार आहे.

नवी मोटार घरीं आल्यावर ती अंगणांत उभी असतांनाच पुस्तिका उघडून प्रत्येक बटण ओळखावें, हें सर्वांत उत्तम. मग मोकळ्या रस्त्यावर, दिवसाउजेडीं, ‘सेट’ करावें आणि लगेच ‘कॅन्सल’. पुन्हां ‘सेट’ आणि ब्रेक. यंत्र कामास कसें लावावें याहून तें कसें सोडवावें याचा सराव अधिक व्हावा. जी व्यक्ति शेजारच्या जागेवर बसते तिलाहि हिरव्या आणि राखाडी चिन्हांतील भेद ठाऊक असणें बरें. कारण लांबच्या प्रवासांत चालकाची पापणी जड झालेली प्रथम तिलाच दिसते. आणि गाडी पगारी चालकाच्या हातीं द्यावयाची असेल तर किल्लीबरोबर ही माहितीहि दिली गेली पाहिजे.

वॅटच्या गोळ्यांना इंजिनाचा वेग कळत असे. कारखान्यांत कोणाचा हात पट्ट्यांत सांपडला आहे हें कळत नसे. त्यासाठीं माणूस जवळ उभा असे. मोटारींतील यंत्र त्याहून पुष्कळ पाहूं लागलें आहे, परंतु माणसाची ती जागा अजून रिकामी झालेली नाहीं. पाय क्षणभर विसांवला तर चालेल. समोरच्या बंडीवर बसलेल्या शेतकऱ्याचा जीव मात्र त्या पायाच्या मालकाच्या डोळ्यांवर अवलंबून असतो, कोणत्याहि बटणावर नव्हे.